याचिका निष्फळ, जागा सफळ : प्रवेशाच्या खटल्यांत घड्याळ कोणाच्या बाजूने चालते?

जुलै ते डिसेंबर या महिन्यांत एखाद्या दिवशी उच्च न्यायालयाच्या कोर्टरूमबाहेरच्या बाकावर जाऊन बसा. हातात प्लास्टिकची पिशवी, पिशवीत जातीचा दाखला, गुणपत्रिका, कॅप राउंडची प्रिंटआउट आणि शेजारी रोजंदारी बुडवून आलेला बाप, अशी पोरं तिथे दिसतील. पहिल्या तारखेला नोटीस निघते. दुसऱ्या तारखेला सरकारी वकील शपथपत्रासाठी वेळ मागतात. तिसऱ्या तारखेला मॅटर बोर्डावर असते, पण पोहोचत नाही. चौथ्या तारखेला समोरचा वकील उभा राहतो आणि शांतपणे सांगतो, "माय लॉर्ड, प्रवेशाची मुदत संपली आहे, सगळ्या जागा भरल्या आहेत, याचिका इन्फ्रक्च्युअस झाली आहे." दोन ओळींचा आदेश होतो. याचिका निष्फळ ठरल्याने निकाली काढण्यात येते.

पोरगं वकिलाला विचारतं, "साहेब, म्हणजे आपण हरलो का?" वकील म्हणतात, "नाही रे, हरलो नाही. निकाल लागलाच नाही."

माझा वाद या उत्तराशी आहे. निकाल लागलेला असतो. तो न्यायाधीशाने दिलेला नसतो, कॅलेंडरने दिलेला असतो. आणि हे कॅलेंडर तटस्थ आहे, असे ज्यांना वाटते त्यांनी प्रवेशाच्या खटल्यांचा इतिहास नीट वाचावा.

माझे म्हणणे एका वाक्यात सांगतो. खटला निष्फळ ठरतो तेव्हा ज्याच्या ताब्यात जागा आहे तो जिंकतो आणि जो दाराबाहेर उभा आहे तो हरतो. शब्द एकच, पण आत बसलेल्यासाठी त्याचा अर्थ "आता याला कोण उठवणार?" असा होतो आणि बाहेरच्यासाठी "आता याला कुठे बसवणार?" असा होतो.

सुरुवात अमेरिकेपासून करू, कारण आरक्षणविरोधी मंडळींना तिथले दाखले फार आवडतात. वॉशिंग्टन विद्यापीठाच्या विधी महाविद्यालयाने कृष्णवर्णीय, मूळनिवासी, मेक्सिकन आणि फिलिपिनो वंशाच्या अर्जदारांचा वेगळा विचार करण्याचे धोरण ठेवले होते. डिफ्युनिस नावाच्या गोऱ्या अर्जदाराला प्रवेश मिळाला नाही, म्हणून तो १९७१ मध्ये कोर्टात गेला. खालच्या कोर्टाने त्याच वर्षी त्याला वर्गात बसवले. पुढे राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने १९७३ मध्ये विद्यापीठाच्या बाजूने निकाल दिला, तरी त्या निकालाला स्थगिती मिळाली आणि तो वर्गात बसूनच राहिला. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात सुनावणी झाली तोवर तो शेवटच्या सत्रात पोहोचला होता. २३ एप्रिल १९७४ रोजी न्यायालयाने ५ विरुद्ध ४ अशा मतांनी सांगितले की, आता हा पदवीधर होणारच आहे, विद्यापीठही त्याला काढणार नाही, त्यामुळे वादच उरलेला नाही.

वाद उरला नाही, कारण त्याला जे हवे होते ते सगळे मिळाले होते! कायद्याचा प्रश्न मात्र तसाच राहिला आणि चार वर्षांत परत आला. १९७८ च्या बाकी खटल्यात त्याच न्यायालयाने कॅलिफोर्नियातील डेव्हिस येथील वैद्यकीय महाविद्यालयाच्या १०० पैकी १६ राखीव जागांची पद्धत रद्द केली. म्हणजे ज्या प्रश्नाला १९७४ मध्ये "संपला" म्हटले, तो संपलेला नव्हता. संपली होती फक्त एका माणसाची गरज.

आता आपल्या देशात या. स्वतंत्र भारतातील आरक्षणाचा पहिला मोठा खटला म्हणजे मद्रास राज्य विरुद्ध चंपकम दोराईराजन. निकाल ९ एप्रिल १९५१ चा. मद्रासच्या जातनिहाय जागावाटपाच्या आदेशामुळे, म्हणजे कम्युनल जी.ओ.मुळे, ब्राह्मण असल्याने आपल्याला वैद्यकीय प्रवेश मिळणार नाही, ही तक्रार होती. या खटल्यातील एक गोष्ट आपल्या कार्यकर्त्यांनी पाठ करून ठेवली पाहिजे. याचिकाकर्तीने महाविद्यालयात प्रवेशासाठी प्रत्यक्ष अर्जच केलेला नव्हता! हे सर्वोच्च न्यायालयासमोर आले, निकालपत्रात नोंदले गेले. अर्ज नाही, नकार नाही, मग वाद कसला? तांत्रिक नियम लावायचा तर याचिका तिथेच संपायला हवी होती. पण न्यायालयाने म्हटले की, याचिका यशस्वी झाली तर तिला प्रवेश देण्याची तयारी राज्याने दाखवली आहे, त्यामुळे या विशेष परिस्थितीत आम्ही हा मुद्दा पुढे ताणत नाही. अर्ज न करणाऱ्या कुणालाही असे कोर्टात येता येईल, असा पायंडा समजू नये, हेही लिहून ठेवले. आणि मद्रासचा आदेश रद्द झाला.

त्या निकालामुळेच पहिली घटनादुरुस्ती करावी लागली आणि कलम १५(४) आले. त्या वेळी कायदामंत्री असलेल्या बाबासाहेबांनी संसदेत या दुरुस्तीची बाजू मांडली, हा इतिहास आपल्याला माहीत आहे. मी वेगळ्या मुद्द्याकडे लक्ष वेधतो आहे. न्यायालयाने ठरवले तेव्हा अर्ज नसतानाही वाद जिवंत मानला गेला. मग आमच्या पोराने अर्ज केला, गुण मिळवले, वेळेत कोर्टात आला, तरी चौथ्या तारखेला त्याचा वाद मेलेला कसा असतो? जिवंत कोणाला म्हणायचे आणि मेलेला कोणाला, हे ठरवण्याची मुभा न्यायालयाकडे आहे. ती कोणासाठी वापरली जाते, एवढाच प्रश्न आहे.

दुसरे उदाहरण २००७ चे. केंद्रीय शैक्षणिक संस्थांत ओबीसी विद्यार्थ्यांना २७ टक्के आरक्षण देणारा कायदा संसदेने केला. २९ मार्च २००७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ओबीसींपुरती त्याला अंतरिम स्थगिती दिली. १९३१ च्या जनगणनेवर आधारलेली आकडेवारी चालणार नाही, हे त्यामागचे एक प्रमुख कारण होते. वर्षभराने, १० एप्रिल २००८ रोजी, पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने क्रीमी लेअर वगळून तोच कायदा वैध ठरवला. आपण जिंकलो, गुलाल उधळला. पण २००७-०८ या वर्षी आयआयटी, आयआयएम आणि केंद्रीय विद्यापीठांच्या दारात उभ्या असलेल्या ओबीसी मुलामुलींचे काय झाले? कायदा वैध होता, म्हणजे जागा त्यांच्या होत्या. ते वर्ष त्यांना कुणी परत दिले? पुढच्या वर्षी वाढीव जागा काढून त्यांना बसवा, असे कुणी म्हटले? अंतरिम आदेश हा नावालाच तात्पुरता असतो. प्रवेशाच्या बाबतीत तात्पुरते असे काही नसते. एक जून गेला की तो जून गेला.

तिसरे उदाहरण आपल्या महाराष्ट्राचे आहे आणि ते सर्वांत बोचणारे आहे. हलबा-कोष्टी प्रकरण. कायद्याच्या पुस्तकांत ते महाराष्ट्र राज्य विरुद्ध मिलिंद या नावाने आहे. १९८५-८६ साली एका विद्यार्थ्याला अनुसूचित जमातीच्या दाखल्यावर वैद्यकीय प्रवेश मिळाला. पडताळणी समितीने दाखला नाकारला, प्रकरण वर वर गेले आणि २८ नोव्हेंबर २००० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने स्पष्ट सांगितले की, कोष्टी हे हलबा या अनुसूचित जमातीत धरता येणार नाहीत. राष्ट्रपतींच्या यादीत फेरफार करण्याचा अधिकार न्यायालयालाही नाही. निकाल आदिवासींच्या बाजूने लागला. मग प्रवेशाचे काय? न्यायालय म्हणाले, १५ वर्षे झाली, अभ्यासक्रम पूर्ण झाला, हा आता डॉक्टर म्हणून काम करत असेल, सरकारी पैसा खर्च झाला आहे, आता प्रवेश रद्द करून कुणाचाच फायदा नाही. पदवी कायम राहिली. पुढे जमातीचे लाभ मात्र घेता येणार नाहीत.

त्याच परिच्छेदात न्यायालयाने हेही मान्य केले आहे की, या प्रवेशामुळे अनुसूचित जमातीचा एक विद्यार्थी वैद्यकीय शिक्षणापासून वंचित राहिला. एक वाक्य, बस्स. तो कोण होता? गडचिरोलीचा होता, नंदुरबारचा होता, मेळघाटचा होता? त्याचे नाव निकालपत्रात नाही, कारण तो पक्षकार नव्हता. १९८५ मध्ये ज्याची जागा गेली, तो २००० मध्ये पस्तिशीच्या आसपास असेल. आत गेलेल्याची १५ वर्षे मोजली गेली, बाहेर राहिलेल्याची कुणी मोजली नाहीत. मी कुणा एका डॉक्टरविरुद्ध लिहीत नाही. माझा आक्षेप त्या हिशेबाला आहे, ज्यात उशीर हा ताबेदाराच्या खात्यावर जमा होतो आणि वंचिताच्या खात्यावर वजा.

या दयाबुद्धीचा पुढे काय परिणाम झाला, हे महाराष्ट्राला माहीत आहे. हाच निकाल पुढे करून प्रवेशांना आणि नोकऱ्यांना "संरक्षण" मागण्याची रीघ लागली. शेवटी ६ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाला बहिरा प्रकरणात सांगावे लागले की, महाराष्ट्राच्या जात पडताळणी कायद्याच्या कलम १० प्रमाणे खोट्या दाखल्यावर घेतलेला लाभ काढूनच घेतला पाहिजे, वर्षे उलटली म्हणून सहानुभूतीने तो राखता येणार नाही. हे १७ वर्षांनी झाले. १७ वर्षांत किती बॅचेस बाहेर पडल्या, मोजा.

कुणी म्हणेल, आत बसलेल्यांना वाचवणे ही माणुसकी आहे. मान्य. मराठा आरक्षणाचा कायदा ५ मे २०२१ रोजी रद्द झाला, तेव्हा स्थगितीच्या दिवसापर्यंत, म्हणजे ९ सप्टेंबर २०२० पर्यंत झालेले प्रवेश न्यायालयाने अबाधित ठेवले. त्या विद्यार्थ्यांचा दोष नव्हता, त्यांना वर्गातून उठवू नये, हे मलाही पटते. पण माणुसकी आत बसलेल्यांसाठीच का? चूक नसलेल्याला वर्गातून उठवणे अन्याय असेल, तर चूक नसलेल्याला वर्गात येऊच न देणे हाही तितकाच अन्याय आहे. पहिल्याला वाचवायला आदेश निघतो, दुसऱ्याला "निष्फळ" हा शिक्का मिळतो.

आता समोरच्या बाजूचा सर्वांत मजबूत युक्तिवाद घेऊ. ते म्हणतात, न्यायालय म्हणजे चर्चासत्र नव्हे, मेलेल्या वादावर मत देणे हे त्याचे काम नाही. जागा मर्यादित आहेत, सत्र सुरू झाल्यावर कुणाला घुसवले तर शिक्षणाचे वेळापत्रक कोलमडते. वैद्यकीय प्रवेशाच्या तारखा खुद्द सर्वोच्च न्यायालयाने घालून दिल्या, त्या कॉलेजांचा मागच्या दाराचा धंदा रोखण्यासाठी. हे सगळे खरे आहे. तारखा नकोत, असे मी म्हणत नाही. तारखा मोडल्या की पहिला फायदा डोनेशनवाल्याचा होतो, आपला नाही.

पण दरवर्षी जूनमध्ये जो वाद नव्या विद्यार्थ्याच्या नावाने परत उभा राहतो, तो मेला असे कसे म्हणता येईल? जो वाद पुन्हा पुन्हा उद्भवतो आणि दर वेळी सुनावणीआधीच हातातून निसटतो, तो निष्फळ मानू नये, हा अपवाद अमेरिकी न्यायालयांनीही १९११ पासून मानला आहे. आणि उशिराबद्दल बोलायचे तर उशीर विद्यार्थ्याने केला का? शपथपत्र कुणी उशिरा दिले? पडताळणी समितीने फाइल कुणाच्या टेबलावर ठेवली होती? ज्याने उशीर केला त्यालाच उशिराचा फायदा, हा न्याय गावच्या पंचायतीतही कुणी ऐकून घेणार नाही.

आणि न्यायालयाने मनावर घेतले तर काय होते, तेही पाहा. २०२१ मध्ये एका दलित विद्यार्थ्याची आयआयटी मुंबईतील जागा ऑनलाइन पैसे भरताना आलेल्या तांत्रिक अडचणीमुळे गेली. उच्च न्यायालयात दाद मिळाली नाही. सर्वोच्च न्यायालयाने २२ नोव्हेंबर २०२१ रोजी, कुणाचीही जागा न काढता, त्याच्यासाठी जागा निर्माण करायला सांगितले. २०२४ मध्ये उत्तर प्रदेशातील मुझफ्फरनगर जिल्ह्यातील एका दलित मजुराच्या मुलाला आयआयटी धनबाद मिळाले. १७,५०० रुपये गोळा करता करता २४ जूनच्या संध्याकाळी पाच वाजले आणि पोर्टल बंद झाले. परीक्षेची ही त्याची शेवटची संधी होती. अनुसूचित जाती आयोग, झारखंडचे विधी सेवा प्राधिकरण, मद्रास उच्च न्यायालय असे उंबरठे झिजवत तो दिल्लीला पोहोचला. ३० सप्टेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने कलम १४२ वापरून त्याला त्याच वर्षी, वाढीव जागेवर बसवले. आयआयटी कोसळली नाही. वेळापत्रक मोडले नाही. एक खुर्ची वाढली.

हे निकाल अभिमानाने शेअर केले आपण. पण थोडा विचार करा. हक्क असा एखाद्याच्या नशिबाने, एखाद्या सरन्यायाधीशाच्या मनाच्या मोठेपणाने मिळत असेल, तर त्याला हक्क म्हणायचे की कृपा? दिल्लीपर्यंत पोहोचलेला एक आपल्याला दिसतो. जिल्ह्याच्या ठिकाणीच थांबलेले शंभर दिसत नाहीत.

बाबासाहेबांनी ९ डिसेंबर १९४८ रोजी संविधान सभेत आजच्या कलम ३२ ला संविधानाचा आत्मा आणि हृदय म्हटले. का? कारण ते कलम उपाय देते. उपायाशिवाय हक्क म्हणजे भिंतीवर टांगलेली तसबीर. त्याच्या महिनाभर आधी, ४ नोव्हेंबरला, त्यांनी बजावले होते की, संविधानाचा शब्दही न बदलता केवळ कारभाराची पद्धत बदलून त्याचा आशय उलटा करता येतो. निष्फळ ठरणाऱ्या याचिका हे त्याचे रोजचे उदाहरण आहे. कलम १५(४) जागेवर आहे, कलम ३२ आणि २२६ जागेवर आहेत, फक्त तारीख पुढची मिळते.

आणि बाबासाहेबांना मुदतीचा अर्थ पुस्तकातून कळलेला नव्हता. बडोद्याची शिष्यवृत्ती संपली म्हणून १९१७ मध्ये त्यांना लंडनचे शिक्षण अर्धवट टाकून परतावे लागले. येताना त्यांनी चार वर्षांच्या आत परत येऊन अभ्यास पूर्ण करण्याची परवानगी मिळवली होती. सिडनहॅममधल्या पगारातून साठवलेले पैसे, शाहू महाराजांची मदत आणि मित्र नवल भथेना यांचे कर्ज यांवर ते १९२० मध्ये परत गेले. १९२१ ला एम.एस्सी., १९२३ ला डी.एस्सी. मुदत देणारी संस्था दार किलकिले ठेवू शकते, हे त्या परवानगीने दाखवले. आणि अशी परवानगी आधीच मागून ठेवावी लागते, हे बाबासाहेबांनी दाखवले.

म्हणून फक्त संताप करून भागणार नाही. १३ डिसेंबर २०१९ चा एस. कृष्णा श्रद्धा विरुद्ध आंध्र प्रदेश राज्य हा तीन न्यायाधीशांचा निकाल प्रत्येक विद्यार्थी कार्यकर्त्याच्या फोनमध्ये असला पाहिजे. तो एमबीबीएस प्रवेशापुरता आहे, पण त्यातले तत्त्व मोठे आहे. विद्यार्थ्याचा दोष नसेल, तो विनाविलंब कोर्टात आला असेल आणि चूक यंत्रणेची असेल, तर ३० सप्टेंबरनंतर महिनाभरात अपवाद म्हणून त्याच वर्षी प्रवेश देता येतो. ते जमले नाही तर पुढच्या वर्षी जागा देता येते. नुकसानभरपाई त्याशिवाय देता येते, पण जागेच्या बदल्यात भरपाई देऊन हात झटकता येत नाहीत. आणि असे खटले न्यायालयांनी प्राधान्याने, लवकरात लवकर निकाली काढावेत, हेही त्यात सांगितले आहे. याचा अर्थ, "मुदत संपली" हे उत्तर पूर्ण उत्तर नाही, असे सर्वोच्च न्यायालयच म्हणते.

मग पुढच्या जूनच्या आधी काय करायचे?

पहिले, जागा नाकारली गेली त्याच दिवशी लेखी तक्रार करा आणि पोहोच घ्या. तोंडी विनंत्यांत गेलेले दहा दिवस नंतर "तुम्हीच उशीर केला" म्हणून तुमच्यावर उलटतात.

दुसरे, याचिकेत फक्त यंदाची जागा मागू नका. नकार बेकायदा होता असे जाहीर करा, ही मागणी टाका. यंदा शक्य नसेल तर पुढच्या वर्षी जागा मागा, भरपाई मागा. ज्या याचिकेत एकच मागणी असते, ती त्या मागणीसोबत मरते.

तिसरे, पहिल्याच तारखेला अंतरिम आदेश मागा. एक जागा रिकामी ठेवा, किंवा पुढचे प्रवेश या याचिकेच्या निकालावर अवलंबून राहतील असे नोंदवा. डिफ्युनिसला अशाच एका आदेशाने पदवीपर्यंत नेले होते, हे विसरू नका.

चौथे, विद्यार्थ्याला एकटे सोडू नका. प्रश्न धोरणाचा असेल तर संघटनेने याचिकाकर्ता व्हावे. विद्यार्थ्याची मुदत संपते, संघटनेची संपत नाही. शिवाय १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तींना आणि सर्व महिलांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. किती पोरांना हे ठाऊक आहे?

पाचवे, न्यायालय "निष्फळ" म्हणू लागले तर गप्प बसून याचिका मागे घेऊ नका. कायद्याच्या प्रश्नावर निर्णय द्या, नाहीतर प्रश्न खुला ठेवल्याचे तरी आदेशात लिहा, असा आग्रह वकिलाला धरायला लावा. ती एक ओळ पुढच्या वर्षीच्या पोराच्या कामी येते.

आणि सरकारकडे, न्यायव्यवस्थेकडे मागणी एकच. ज्या वेगाने प्रवेशाची फेरी चालते, त्याच वेगाने प्रवेशाच्या तक्रारीचा निकाल लावा. जून ते सप्टेंबर या काळात प्रत्येक खंडपीठात प्रवेशाच्या याचिकांसाठी स्वतंत्र बोर्ड ठेवा. पडताळणी समितीच्या दिरंगाईचा भुर्दंड समितीवर पडू द्या, विद्यार्थ्यावर नको. पोर्टल पाच वाजता बंद होऊ शकते, तर शपथपत्राचे दारही ठरल्या दिवशी पाच वाजता बंद झाले पाहिजे.

त्या बाकावर बसलेल्या पोराला वकिलाने दिलेले उत्तर आपण बदलू या. "निकाल लागला नाही" असे त्याला सांगू नका. त्याला सांगा, निकाल लागला आहे, तो अन्यायाचा आहे आणि आपण तो मान्य केलेला नाही. त्याची पिशवी नीट बांधून ठेवायला सांगा. ती पुन्हा उघडायची आहे.

जय भीम! जय संविधान!